चोथा

रात्री पावणेदोनला ऑस्बर्ट मागचं शटर वर करतो
आणि म्हणतो, घे तुझं पोरगं, अजून गरम आहे.
निळी पिंपं, चार. झाकणं नीट बसत नाहीत,
कडेनं वाफ येते.
साकीनाक्याची ही गल्ली, दिवसभर लेथच्या तेलाची,
तेवढ्यापुरती पेजेच्या वासाची होते.

वर काचेमागे माणसं शेवटचा ग्लास मागतात.
सातूचा गोडवा त्यांनी नेला,
मला टरफलं, कोंडा, चिकट ओल
आणि दाण्याच्या अंगात उरलेली ताकद.
आंबवण पडायच्या आधीच काढतात हे,
यात नशा नाही,
असं ऑस्बर्टनं मला पहिल्या दिवशी सांगितलं.
मी आजवर दोनशे जणांना तरी सांगितलंय.
पटलं एकालाच.

तो नाकाबंदीवरचा हवालदार खरमाटे.
खिडकीत नाक घालून म्हणाला, उतर.
नळीत फुंकलो. शून्य.
पुन्हा फुंकलो. शून्य.
मशीन बिघडलंय म्हणत त्यानं स्वतः फुंकून पाहिलं.
मग पिंपाचं झाकण उचललं, कोपरापर्यंत हात घातला,
मूठभर काढून टॉर्चखाली धरलं.
बराच वेळ.
"आम्ही सरकी घालायचो," म्हणाला.
"दोन होत्या. एक मारकी."
ओला हात कुठं पुसावा कळेना त्याला,
वर्दीला तर नाहीच.
मी गिअरवरचं फडकं दिलं.

चोथा कुणासाठी थांबत नाही.
पहाटे गोड, दुपारी आंबट, उद्या काळी बुरशी.
शिरोडकर डॉक्टरीणबाईंनी तबेल्याच्या भिंतीवर
खडूनं लिहून ठेवलंय:
जनावरामागं दहा किलो, वर नाही.
त्याखाली रामअवधनं कोळशानं म्हैस काढलीय,
पोट फुगलेली, पाय वर.
अक्षरं वाचणारा तिथं मी एकटाच.
म्हैस सगळे वाचतात.

माझा हॉर्न त्या ओळखतात.
अंधारात शिंगांची सगळी रांग वळते,
कुणीतरी दाराची बिजागरी फिरवावी तशी.
कोयलला पहिलं घालावं लागतं,
नाहीतर ती शेजारणीचं खाते आणि वर शेजारणीलाच ढुसण्या देते.
वाफेत तोंड खुपसते, फुरफुरते,
नाकपुडीला एक टरफल चिकटून राहतं
धार काढून होईपर्यंत.

निवडणुकीच्या आठवड्यात बार बंद.
टाक्या भरलेल्या, म्हणून नवा घाणा नाही.
मी सवयीनं गेलो तबेल्यावर, रिकामाच.
हॉर्न वाजवला नाही. तरी वळल्या.
रामअवधनं चुनी कालवली, कडबा टाकला, शिव्या दिल्या,
त्यांना की सरकारला, मला कळलं नाही.
कोयलनं घमेलं हुंगलं
आणि टेम्पोची मागची फळी चाटत उभी राहिली,
लोखंडाच्या बिजागरीपासून लोखंडाच्या बिजागरीपर्यंत.

तिसऱ्या दिवशी चौथ्या मजल्यावरच्या उपाध्येबाईंनी विचारलं,
आज अर्धाच लिटर का रे?
याच बाईंनी बार हटवा म्हणून
तीनशे सह्या गोळा केल्या होत्या, बिल्डिंगोबिल्डिंगी फिरून.
रामअवध खरं बोलतो, हीच त्याची अडचण.
"बाई," तो म्हणाला, "बार बंद आहे."
दार लागलं.
साखळीसुद्धा लागली.
मग थोडं उघडलं, आणि आतून:
"सुरू कधी होतोय?"

मतमोजणीच्या दुसऱ्या रात्री गल्लीत
अजून कुणाच्या तरी विजयाचा गुलाल होता,
टायरला लागून येत होता.
ऑस्बर्टनं शटर वर केलं. डोळे लाल, दिवसभर फावडं मारून.
आज दोन घाणे, म्हणाला.
घे, जुळं.

आठ पिंपं. गाडी मागून बसली.
पुलाच्या चढावर पहिल्या गिअरमध्ये जाताना
मागची काच धुरकट झाली
आणि मानेवर कुणीतरी
हळूहळू श्वास सोडत होतं.